घरीच असते: गृहिणीच्या ओळखीच्या प्रश्नाचा आढावा

शाळेचा प्रवेशअर्ज, बँकेत खातं उघडायचा फॉर्म, दवाखान्यातला केसपेपर. तिन्हींवर ‘व्यवसाय’ असा रकाना असतो आणि मुरगुडातली बाई त्या रकान्यापाशी फार रेंगाळत नाही. “काय करता?” “काय न्हाई, घरीच असते.” टेबलापलीकडचा माणूस ‘गृहिणी’ लिहितो आणि पुढच्या रकान्याकडे वळतो. बाई पहाटे उठून म्हशींच्या धारा काढून, शेणघाण उरकून, डेअरीला दूध घालून, पोरांचे डबे भरून आलेली असते. दुपारी भांगलायला जायचं असतं आणि येताना वैरणीचा भारा आणायचा असतो.

मुरगूड हे कागल तालुक्यातलं वेदगंगेकाठचं गाव. नगरपरिषद आहे, कॉलेज आहे, बाजारपेठ आहे, मुलींनाही कुस्ती शिकवणारं संकुल आहे. पण गाव चालतं उसावर आणि दुधावर. निपाणी जवळ, म्हणजे कर्नाटकाची हद्दही जवळ. याला शहर म्हणवत नाही आणि खेडंही म्हणवत नाही. गृहिणीच्या प्रश्नावर महाराष्ट्रात गेली शंभर-सव्वाशे वर्षं जे लिहिलं-बोललं गेलं, ते बहुतेक पुण्या-मुंबईच्या मध्यमवर्गीय घराकडे पाहून, नाहीतर शेतात राबणाऱ्या बाईकडे पाहून. निमशहरी गावातली बाई यांतली कुठलीच पुरती नसते. हा आढावा इथून घेण्याचं कारण ते.

चर्चेत दोन प्रश्न नेहमी एकमेकांत मिसळतात. एक, ती जे काम करते त्याचं मोल काय. दुसरा, ती स्वतःला कोण समजते, तिच्या मनात काय चालतं. पहिल्याला आकडे आहेत, कायदे आहेत, योजना आहेत. दुसऱ्याला पुस्तकं आहेत, गाणी आहेत आणि बरीचशी शांतता आहे. पहिल्या प्रश्नाचं उत्तर दुसऱ्याचं म्हणून खपवण्याची सवय या चर्चेला लागली आहे असं मला वाटतं.

जातं, कीर्तन आणि मासिक

लग्न झालेल्या बाईनं आपलं आयुष्य आपणच सलग सांगितल्याचा मराठीतला बहुधा सर्वांत जुना दाखला सतराव्या शतकातला आहे आणि तो कोल्हापुराशी जोडलेला आहे. संत बहिणाबाई मूळच्या वेरूळजवळच्या देवगावच्या. लहान वयात त्या घरच्यांबरोबर कोल्हापुरात राहिल्या. तिथं जयरामस्वामींच्या कीर्तनांची ओढ लागली, त्यावरून नवऱ्याचा मार खावा लागला आणि तिथंच तुकोबांचा स्वप्नदृष्टान्त झाला, असं त्यांनी आपल्या आत्मचरित्रपर अभंगांत सांगितलं आहे. पुढं त्यांनी संसार सोडला नाही. पतिसेवा हा आपला धर्म आहे असंही त्यांनी लिहिलं आणि मनानं गुरू मात्र स्वतः निवडला. घर की मी, असा प्रश्न आज ज्या रूपात येतो त्याची दोन्ही टोकं त्या एकाच आयुष्यात दिसतात. त्यांचा ताण बहिणाबाईंनी मिटवला की झाकला, यावर अभ्यासकांचं अजून एकमत नाही.

ज्यांना लिहिता येत नव्हतं त्यांच्याकडे जातं होतं. पहाटे दळताना म्हटलेल्या ओव्यांत माहेर आहे, सासुरवास आहे, भाऊ आहे, विठ्ठल आहे आणि कुणाजवळ बोलता येत नाही असं पुष्कळ काही आहे. साने गुरुजींनी ‘स्त्री जीवन’मध्ये ओव्या जमवल्या. सांगली जिल्ह्यातल्या बागणीच्या सरोजिनी बाबर यांनी लोकसाहित्य समितीच्या मार्फत हे काम राज्यभर नेलं. पुण्यात हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी खेडोपाडी फिरून लाखाहून अधिक ओव्या नोंदवल्या आणि गाणाऱ्या बाईचं नाव-गावही लिहून ठेवलं. सांगलीच्या तारा भवाळकर यांनी या साहित्याचा अर्थ लावताना एक गोष्ट ठासून मांडली: बाईचं स्वतःविषयीचं भान आधुनिक चळवळीनं बाहेरून आणून दिलेलं नाही, ते लोकपरंपरेत आधीपासून आहे. उलट बाजूही अभ्यासकांनी मांडली आहे. ओवीत दुःख मोकळं होतं आणि दळण संपलं की बाई पुन्हा त्याच कामाला लागते, म्हणजे ओवी ही वाफ जाऊ देणारी झडप झाली. दोन्ही म्हणण्यांना ओव्यांतूनच आधार मिळतो. मग गावोगावी पिठाची गिरणी आली. बाईच्या खांद्याचे कष्ट वाचले हे निर्विवाद. पण गाण्याची ती वेळही गेली.

छापील जगात बाई आली ती शिक्षणाच्या दारातून. या भागात त्याची एक खास पार्श्वभूमी आहे. कागलच्या घाटगे घराण्यात जन्मलेल्या शाहू महाराजांनी संस्थानात सक्तीचं प्राथमिक शिक्षण आणलं आणि १९१९ साली स्त्रियांच्या छळाला प्रतिबंध करणारा कायदाही केला. मुलगा गेल्यावर विधवा झालेल्या सून इंदुमतीदेवींच्या शिक्षणाची त्यांनी सोनतळीला मुद्दाम व्यवस्था केली. घरातल्या छळाला कायद्याची बाब मानणं ही त्या काळात साधी गोष्ट नव्हती.

१९३० साली किर्लोस्करवाडीहून ‘स्त्री’ मासिक निघालं. नांगर आणि यंत्रं बनवणाऱ्या कारखान्याच्या वसाहतीतून बायकांचं मासिक निघावं ही मोठी गमतीची गोष्ट आहे. लग्न, हुंडा, नोकरी, घटस्फोट, मन, स्वयंपाक, सगळं त्यात आलं. त्याच दशकात विभावरी शिरूरकर या टोपणनावानं ‘कळ्यांचे निःश्वास’ (१९३३) निघालं आणि शिकलेल्या मुलीच्या मनात काय चालतं यावरून महाराष्ट्रात गदारोळ उठला. लेखिका कोण याचा शोध लोकांनी पुस्तकातल्या प्रश्नांपेक्षा जास्त चवीनं घेतला.

याच किर्लोस्कर परंपरेतून १९७० साली कमलाबाई ओगले यांचं ‘रुचिरा’ आलं. चर्चेत हे पुस्तक सहसा धरलं जात नाही, धरायला हवं. जेमतेम चौथीपर्यंत शिकलेल्या गृहिणीनं आपल्या हातातलं ज्ञान वाटी-चमच्याच्या मापात बसवलं आणि हजारो घरांत तिचं नाव पोचलं. स्वयंपाकघर सोडून ओळख मिळते, हे एक म्हणणं. ‘रुचिरा’ हा त्याला दिलेला विरुद्ध दाखला आहे. अर्थात एका कमलाबाईंमागं त्याच चवीचं रांधणाऱ्या लाखो जणी अनामच राहिल्या, हेही त्यालाच जोडून म्हणावं लागतं.

कामाचं मोल

स्वतंत्र भारतात हा प्रश्न सरकारी दप्तरात गांभीर्यानं आला तो १९७१ साली नेमलेल्या स्त्रियांच्या दर्जाविषयीच्या समितीमुळं. तिचा ‘समानतेकडे’ हा अहवाल १९७४ साली आला. त्यामागच्या संशोधनाला भारतीय समाजविज्ञान संशोधन परिषदेचं बळ होतं आणि परिषदेचे सदस्य-सचिव होते जे. पी. नाईक, आजरा भागातल्या बहिरेवाडीचे. मुरगुडाच्या वरच्या अंगाला, त्याच वेदगंगेकाठी गारगोटीत, मौनी विद्यापीठ उभं करणारे तेच.

अहवालानंतरच्या पन्नास वर्षांत मोजमाप बरंच सुधारलं. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाच्या २०१९ च्या वेळवापर पाहणीत पहाटे चार ते दुसऱ्या पहाटेचे चार असा पूर्ण दिवस अर्ध्या-अर्ध्या तासानं विचारला गेला. घरकाम करणाऱ्या बायका त्यावर दिवसाला सरासरी २९९ मिनिटं घालवतात आणि जे पुरुष घरकाम करतात ते ९७ मिनिटं, असं निघालं. २०२४ च्या पाहणीत हे आकडे २८९ आणि ८८ झाले. दोघांचंही घरकाम थोडं कमी झालं, अंतर मात्र जवळजवळ तिथंच राहिलं.

मुरगुडसारख्या गावात अडचण वेगळीच येते. रोजगार पाहणीत फक्त घरकाम करणाऱ्या व्यक्तीला ९२ हा संकेतांक मिळतो. घरकामाशिवाय घरच्या वापरासाठी सरपण, भाजीपाला, वैरण गोळा करणारी, शिवणटिपण करणारी ९३ मध्ये जाते. घरच्या धंद्यात बिनपगारी मदत करणारी २१ मध्ये, म्हणजे ‘काम करणारी’ ठरते. लेखाच्या सुरुवातीला जी बाई पाहिली ती या तिन्ही खणांत बसते. कुठल्या खणात पडेल हे पाहणी करणारा काय विचारतो आणि दारात कोण उत्तर देतं यावर ठरतं. सासऱ्यानं उत्तर दिलं तर ९२.

कोर्टांनी या मोलाचा विचार केला तो अपघाती मृत्यूच्या भरपाईच्या निमित्तानं. २००१ साली लता वधवा खटल्यात सर्वोच्च न्यायालयानं ३४ ते ५९ वयाच्या गृहिणींच्या सेवेचं मोल महिना ३,००० रुपये धरलं. २०१० साली अरुणकुमार अग्रवाल खटल्यात न्यायालयानं, जनगणनेत गृहिणींना भिकारी आणि कैद्यांच्या ओळीत ‘काम न करणारे’ म्हणून बसवण्यावर कडक शब्दांत टीका केली. जानेवारी २०२१ मध्ये कीर्ती विरुद्ध ओरिएंटल इन्शुरन्स या निकालात न्या. रमणा यांनी २०११ च्या जनगणनेचा आधार घेतला: घरकाम हेच मुख्य काम सांगणाऱ्या बायका सुमारे १६ कोटी, पुरुष सुमारे ५८ लाख. गृहिणीचं काल्पनिक उत्पन्न धरणं हा तिच्या कामाचा, त्यागाचा स्वीकार आहे, अशी त्यांची भूमिका. न्यायालयांचा हेतू चांगलाच होता, पण हिशेब मांडायला बाई आधी मरावी लागते, याची नोंद करून पुढे जाऊ.

जिवंतपणी मोल द्यावं का, यावर तीन मतं आहेत. पहिलं, द्यावं. १९७२ पासून इटली, इंग्लंड आणि अमेरिकेत ‘घरकामाला वेतन’ ही चळवळ उभी राहिली. सेल्मा जेम्स, सिल्विया फेडेरिची ही तिच्यातली मोठी नावं. त्यांचं म्हणणं असं की पैसे मागितल्याशिवाय हे काम आहे हेच कुणाच्या लक्षात येत नाही. भारतात २०१२ साली तेव्हाच्या केंद्रीय मंत्री कृष्णा तीरथ यांनी नवऱ्याच्या उत्पन्नातला वाटा बायकोच्या नावे द्यावा अशी कल्पना मांडली, तेव्हा टिंगल जास्त झाली. दुसरं मत विरोधाचं, आणि तेही स्त्रीवाद्यांमधूनच आलेलं: पगार दिला की घरकाम हे बाईचंच काम म्हणून शिक्का बसेल, नवरा मालक होईल आणि बाहेर पडायची वाट आणखी अरुंद होईल. तिसरं मत, पैसा सरकारनं द्यावा. गोव्यात २०१२ पासून गृहिणींसाठी ‘गृह आधार’ आहे. तामिळनाडूनं २०२३ साली महिना १,००० रुपयांची योजना आणताना तिच्या नावातच ‘हक्क’ घातला. महाराष्ट्रात २०२४ च्या ऑगस्टपासून ‘लाडकी बहीण’चे १,५०० रुपये थेट बाईच्या खात्यात येऊ लागले.

या योजनांवर निवडणुकीच्या अंगानं भरपूर लिहिलं गेलं. ओळखीच्या अंगानं पाहिलं तर दोन बाजू दिसतात. कित्येक बायकांनी योजनेच्या निमित्तानं पहिल्यांदा स्वतः बँकेत जाऊन, आधार जोडून, स्वतःच्या सहीनं पैसे काढले. दुसरीकडं, तामिळनाडूच्या योजनेनं त्याला हक्क म्हटलं, आपल्याकडं नात्याचं नाव दिलं. भावानं बहिणीला दिलेली ओवाळणी आणि कामाचं मोल यांत फरक आहे, असा आक्षेप टीकाकार घेतात. पैसे हातात पडणाऱ्या बाईला तो फरक कितपत जाणवतो, याची पाहणी व्हायला हवी.

नाव आणि सातबारा

कोल्हापूर जिल्ह्याची दूध-अर्थव्यवस्था बायकांच्या हातांवर उभी आहे. गोकुळ दूध संघ १९६३ साली सुरू झाला आणि गावोगावच्या दूध संस्थांनी घरात रोख पैसा आणला. म्हैस बाई सांभाळते, दूध बाई घालते. संस्थेच्या पुस्तकात सभासद म्हणून नाव बहुतेक कारभाऱ्याचं. पुढं महिलांच्या स्वतंत्र दूध संस्था निघाल्या, तिथं चित्र बदललं. तरी दहा दिवसांचं दुधाचं बिल कुणाच्या हातात पडतं, हा मुरगुडच्या पंचक्रोशीत गृहिणीच्या घरातल्या स्थानाचा बऱ्यापैकी खात्रीचा मापदंड आहे.

मालमत्तेचा प्रश्न सर्वांत स्पष्ट मांडला तो शेतकरी संघटनेनं. १९८६ च्या नोव्हेंबरात चांदवडला शरद जोशींच्या पुढाकारानं शेतकरी महिलांचं प्रचंड अधिवेशन झालं. त्यानंतर ‘लक्ष्मीमुक्ती’चा कार्यक्रम आला: नवऱ्यांनी स्वतःहून जमिनीचा एक तुकडा बायकोच्या नावावर करून द्यावा. संघटनेची भूमिका अशी की शेतकरी बाईला शहरी स्त्रीमुक्तीची भाषा परकी वाटते. तिला नवऱ्याशी भांडण नको, सातबाऱ्यावर नाव हवं. शहरी संघटनांनी शंका काढली ती नेमकी इथंच: नवऱ्याच्या मोठेपणावर अवलंबून असलेली मुक्ती किती दिवस टिकेल? दोघांनाही एकमेकांचं पुरतं पटलं नाही, पण दोघांच्या मागण्या हळूहळू एकमेकांत मिसळल्या.

कायद्यानं वाट रुंद केली. वडिलोपार्जित मालमत्तेत मुलीला जन्मानं हक्क देणारी दुरुस्ती महाराष्ट्रानं १९९४ साली केली, केंद्रानं २००५ साली. व्यवहारात मात्र ‘हक्कसोडपत्र’ नावाचा कागद आहे. बहिणीनं भावासाठी सही करायची आणि माहेरची वाट उघडी ठेवायची. बाहेरून पाहणाऱ्याला हा निव्वळ अन्याय दिसतो. सही करणाऱ्या कितीतरी जणी मात्र त्याला विचारपूर्वक केलेला सौदा मानतात; भाऊ पाठीशी असणं हीच त्यांची खरी मिळकत. त्यांचं हे म्हणणं मोकळेपणानं केलेली निवड समजायचं की नाइलाज, यावर अभ्यासक दोन्हीकडं विभागलेले आहेत.

नावाचीही तीच गत. महाराष्ट्र सरकारनं २०२४ मध्ये ठरवलं की १ मे २०२४ रोजी आणि त्यानंतर जन्मलेल्या मुलांच्या सरकारी कागदपत्रांत आधी मुलाचं, मग आईचं, मग वडिलांचं नाव लागेल. लग्न झालेल्या बाईच्या स्वतःच्या नावापुढं मात्र नवऱ्याचं नाव आणि आडनाव ही चालत आलेली रीत तशीच राहिली. मुलाच्या नावात आई आली, आईच्या नावात आई आली नाही.

नवऱ्याशी बांधलेल्या ओळखीचं नवरा गेल्यावर काय होतं, याचं उत्तर शोधायचा प्रयत्न याच जिल्ह्यात झाला. शिरोळ तालुक्यातल्या हेरवाडच्या ग्रामसभेनं मे २०२२ मध्ये विधवा प्रथा बंद करण्याचा ठराव केला: कुंकू पुसायचं नाही, बांगड्या फोडायच्या नाहीत, मंगळसूत्र काढायचं नाही. राज्य सरकारनं त्याच महिन्यात परिपत्रक काढून इतर गावांनाही आवाहन केलं. कौतुक खूप झालं. काही कार्यकर्त्यांनी विचारलं, कुंकू राहू देणं म्हणजे अजूनही त्याच खुणांनी बाईला ओळखणं नाही का? हेरवाडच्या बाजूचं म्हणणं साधं होतं: आधी अपमान थांबू दे. हळदी-कुंकवाला आवर्जून बोलावलेली विधवा पाहिली की दुसरं म्हणणं मला जास्त पटतं, पण पहिला प्रश्न त्यामुळं चुकीचा ठरत नाही.

मनातलं

आत काय चालतं, याचा मराठीतला सर्वांत मोठा साठा म्हणजे बायकांची आत्मचरित्रं. रमाबाई रानड्यांच्या आठवणी १९१० साली आल्या, लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ १९३४ पासून भागाभागानं. दोन्हींत नवरा मध्यभागी आहे. फरक इतकाच की लक्ष्मीबाई त्याच्यावर हसूही शकतात, आणि तेवढ्यानं सगळा तोल बदलतो. १९९० च्या आसपास दोन पुस्तकांनी वादळ उठवलं. सुनीता देशपांडे यांचं ‘आहे मनोहर तरी’ आणि माधवी देसाई यांचं ‘नाच ग घुमा’. माधवीताई कोल्हापूरच्या, भालजी पेंढारकरांच्या कन्या. चंदगड तालुक्यातल्या कोवाडला रणजित देसाईंच्या वाड्यात त्यांचा संसार झाला आणि मोडला. बाहेर कीर्तिमान असलेल्या पुरुषाच्या घरात आतली बाई कशी राहते, हे या दोघींनी सांगितलं. एका गटानं या लेखनाला धाडस म्हटलं. दुसऱ्यानं विचारलं की एका बाजूनं सांगितलेलं, उत्तर द्यायला दुसरी बाजू नसलेलं, सत्य म्हणून किती धरायचं. तिसराही मुद्दा आहे आणि तो मला महत्त्वाचा वाटतो: ही पुस्तकं इतकी वाचली गेली ती नवऱ्यांच्या नावांमुळंही. ज्या बाईचा नवरा सोसायटीचा सचिव किंवा कारखान्यातला फिटर आहे, तिचं ‘नाच ग घुमा’ कोण छापणार?

हाच मुद्दा दलित लेखिकांनी वेगळ्या अंगानं, जास्त तीव्रतेनं मांडला. फलटणच्या बेबीताई कांबळे घरचं छोटं दुकान सांभाळता सांभाळता चोरून लिहीत आणि घरच्यांना दिसू नये म्हणून वह्या लपवून ठेवत. ते लेखन पुढं ‘स्त्री’मधून आलं आणि १९८६ मध्ये ‘जिणं आमुचं’ म्हणून पुस्तक झालं. ऊर्मिला पवारांचं ‘आयदान’ २००३ चं. शर्मिला रेगे यांनी २००६ मध्ये या लेखनाचा सविस्तर अभ्यास मांडला. त्या धारेचं सार असं: ‘गृहिणीची घुसमट’ हा प्रश्न ज्या घरात उंबरठा होता त्या घराचा. जिला उंबरठ्याच्या आत बसून राहणं कधी परवडलंच नाही, तिचं दुःख निराळं आणि तिचा ‘मी’ही निराळा, तो एकटा उभा राहत नाही, वस्तीबरोबर उभा राहतो. मध्यमवर्गीय स्त्रीवादानं हे ऐकलं, पचवायला मात्र वेळ घेतला.

कागल तालुक्याचं स्वतःचं पुस्तक म्हणजे आनंद यादवांचं ‘झोंबी’. त्यातली आई विसरता येत नाही. पण तिला आपण लेकाच्या नजरेतून पाहतो. तिनं स्वतः काय सांगितलं असतं, याची जागा कोरी आहे.

पुस्तकांबाहेर पडद्यानं बरंच काम केलं. ‘उंबरठा’ (१९८२) मधली बाई घर सोडून गेली आणि प्रेक्षकांत दोन तट पडले. २००४ पासून ‘होम मिनिस्टर’नं घरोघरच्या वहिनींना नाव घ्यायला लावून पैठणी दिली. टीका झाली ती पैठणी आणि उखाण्यावर. पण आपल्या वहिनीला कधी कुणी कॅमेऱ्यापुढं “तुम्हाला काय आवडतं?” असं विचारलं नव्हतं, हेही खरं. ‘आई कुठे काय करते’ ही मालिका २०१९ ते २०२४ अशी पाच वर्षं चालली, आणि ‘बाईपण भारी देवा’ (२०२३) बघायला बायका गटागटानं थिएटरात गेल्या. यातून प्रश्न पुढं सरकला की करमणुकीत विरघळला, दोन्ही वाचनं मांडली जातात.

आतल्या जगाचा आणखी एक पत्ता देवाधर्माचा. मुरगुडाला लागूनच आदमापूर आहे, संत बाळूमामांचं देवस्थान. अमावास्येला तिथली गर्दी पाहिली की तिच्यात बायका किती आहेत हे कळतं. भजनी मंडळ, हरिपाठ, पारायण, अमावास्येची वारी. बाई नवऱ्याला किंवा सासूला विचारल्याशिवाय, फारशी चौकशी न होता, या एका कारणासाठी घराबाहेर पडू शकते. बुद्धिवादी परंपरा याकडं सावधपणे पाहते. विशेषतः अंगात येणं हा दडपलेल्या मनाचा उद्रेक आहे, त्याला दैवी मानण्यात बाईचं नुकसान आहे, असं अंधश्रद्धा निर्मूलन चळवळीनं सातत्यानं सांगितलं. दुसरीकडं काही मानववंश-अभ्यासक म्हणतात की घरात ज्या बाईचं कुणी ऐकत नाही तिचं त्या घटकेला सगळं घर हात जोडून ऐकतं. त्या भाषेला नुसतं आजार म्हणून भागत नाही. दोन्ही बाजू एकाच गोष्टीवर सहमत आहेत, की तिला एरवी बोलायला जागा नव्हती.

जागा नसण्याची किंमत आकड्यात शोधायची तर राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाची नोंद पुढं येते: २०२१ साली देशात आत्महत्या केलेल्या ४५,०२६ स्त्रियांपैकी २३,१७८ गृहिणी होत्या. हा आकडा भीषण आहे, आणि जपून वापरायलाही हवा. देशातल्या प्रौढ स्त्रियांत गृहिणी म्हणून नोंदलेल्यांचं प्रमाणच मोठं असल्यामुळं निम्मा वाटा हा आपोआप ‘गृहिणीपणाचा’ दोष ठरत नाही. कौटुंबिक हिंसा, आजारपण, कर्ज, लवकर लग्न, यांपैकी कशाचा भार किती, हे वेगळं काढणं अभ्यासकांना अजून पूर्ण जमलेलं नाही.

जे सुटलेलं नाही

पहिला अडलेला मुद्दा समाधानाचा आहे. ‘मी घरात सुखी आहे, मला वेगळी ओळख नको’ असं सांगणाऱ्या बाईचं काय करायचं? एक धारा तिला अजून जाग आली नाही असं मानते. दुसरी तिच्या शब्दाला शब्द म्हणून मान देते. विद्या बाळ यांनी ‘स्त्री’ आणि नंतर १९८९ पासून ‘मिळून साऱ्याजणी’ चालवताना घर आणि चळवळ यांत संवाद ठेवायचा प्रयत्न केला. बाईनं घर सोडावं अशी ती मांडणी नव्हती, घरातल्या पुरुषानंही बदलावं अशी होती. ती मांडणी आदरानं वाचली गेली. घरकामाच्या २८९ आणि ८८ मिनिटांच्या आकड्यांत मात्र तिचा फारसा माग लागत नाही.

दुसरा मुद्दा बचत गटाचा. महिला आर्थिक विकास महामंडळ १९७५ पासून आहे, ‘उमेद’ अभियान २०११ पासून. गटात बाईला नावानं हाक मारतात, ‘अमक्याची आई’ म्हणून नाही, हा बदल लहान नाही. पण गटाचं कर्ज घराच्या गरजेला जातं आणि हप्ता तिच्या डोक्यावर राहतो, ही तक्रारही जुनी आहे.

तिसरा मुद्दा नवा आहे आणि मुरगुडसारख्या गावांत तो ठळक दिसतो. वीसेक वर्षांपूर्वी गावोगाव डी.एड. कॉलेजं निघाली, मुली शिकल्या, आणि २०१२ नंतर शिक्षकभरती वर्षानुवर्षं थांबली. पदवी झालेली, पदविका झालेली सून आज घरी आहे. पहिल्या पिढीच्या स्त्रीवादाची बाई शिकू दिली नाही म्हणून घरी होती. ही शिकूनही घरी आहे. सासू म्हणते, एवढं शिकून काय झालं. माहेरचे म्हणतात, स्थळ तर चांगलं मिळालं. ती सकाळी लेकराचा अभ्यास घेते, दुपारी फोनवर स्पर्धा परीक्षेचे व्हिडिओ पाहते, किंवा रील्स. तिच्या घुसमटीला ना जात्याची ओवी आहे, ना मासिकाचं पान. जुनी चौकट तिला घरकोंडी म्हणते, नवी चौकट तिला बेरोजगार म्हणते. तिला स्वतःला विचारलं की ती ‘घरीच असते’ म्हणते.

सरकारी पाहणीनं गृहिणीच्या इच्छेविषयी थेट विचारल्याचं एक उदाहरण आहे. राष्ट्रीय नमुना पाहणीच्या ६८ व्या फेरीत, २०११-१२ साली, घरकामात असलेल्या बायकांना प्रश्न होता: घरबसल्या काम मिळालं तर कराल का? ग्रामीण भागात सुमारे एक तृतीयांश जणींनी हो म्हटलं, आणि सर्वाधिक पसंती शिवणकामाला दिली. हा निष्कर्ष दोन्ही बाजू आपापल्या सोयीनं वापरतात: बाईला काम हवंय याचा पुरावा म्हणून, आणि बाईला घरातच राहायचंय याचा पुरावा म्हणूनही. पण प्रश्नच घरबसल्या कामापुरता विचारला होता. घराबाहेर जायची सोय, पाळणाघर, संध्याकाळची परतीची एस.टी., रात्रीच्या भाकऱ्या दुसऱ्या कुणी थापायची शक्यता, हे सगळं धरून विचारलं असतं तर उत्तर काय आलं असतं, ते त्या आकड्यांवरून सांगता येत नाही.